घटक ५ : प्राखातित्से जिल्हा – भूमी, वाटा आणि गावांचे भवितव्य

५.० उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर तुम्हाला :
• प्राखातित्से जिल्ह्याचे तीन नैसर्गिक विभाग सांगता येतील.
• मिठाचा व्यापार, जंगल आणि काच यांच्या आधारे गावे कशी वसली हे स्पष्ट करता येईल.
• विसाव्या शतकात सीमेलगतची गावे का नाहीशी झाली याची कारणमीमांसा करता येईल.
• 'नियतिवाद' आणि 'शक्यतावाद' या संकल्पना प्रत्यक्ष उदाहरणाला लावून पाहता येतील.

५.१ प्रास्ताविक

मागील घटकात आपण मानव आणि पर्यावरण यांच्या संबंधाविषयीचे दोन विचार पाहिले. माणसाचे जीवन जमीन आणि हवामानच ठरवतात, असे नियतिवाद मानतो. निसर्ग केवळ शक्यता पुढे ठेवतो, त्यांतील निवड माणूस करतो, असे शक्यतावाद मानतो. हे विचार व्याख्येपुरते लक्षात ठेवणे सोपे असते. एखाद्या खऱ्या प्रदेशावर ते तपासून पाहिले म्हणजे त्यांचे बळ आणि मर्यादा दोन्ही कळतात.

त्यासाठी या घटकात आपण चेक प्रजासत्ताकातील प्राखातित्से हा ग्रामीण जिल्हा निवडला आहे. बोहेमिया या ऐतिहासिक प्रदेशाच्या दक्षिणेस, जर्मनीतील बव्हेरिया आणि ऑस्ट्रिया यांच्या सीमेला लागून तो वसलेला आहे. त्याचे क्षेत्रफळ सुमारे १,३७५ चौ. किमी आणि लोकसंख्या सुमारे ५१ हजार आहे. देशातील सर्वांत विरळ वस्तीच्या जिल्ह्यांत त्याची गणना होते. त्याच्या आजच्या सीमा १९६० च्या प्रशासकीय पुनर्रचनेतून आल्या. २००२ च्या अखेरीस देशभरातील जिल्हा कचेऱ्या बंद झाल्या. तरीही न्यायालये, सांख्यिकी आणि लोकव्यवहार यांत 'जिल्हा' हा घटक टिकून आहे.

वाचताना एक प्रश्न मनात ठेवा : एकाच पठारावरील दोन गावांपैकी एक आज नांदते आहे आणि दुसरे नकाशावर केवळ नावापुरते उरले आहे. असे का झाले?

५.२ विषय-विवेचन

५.२.१ तीन पायऱ्यांची भूमी

ईशान्येकडून नैर्ऋत्येकडे प्रवास केल्यास हा जिल्हा तीन पायऱ्यांनी चढत जातो.

पहिली पायरी नेतोलित्से गावाभोवतीच्या सखल भागाची. येथे शेती, मत्स्यतळी आणि जुनी दाट वस्ती आढळते. जवळचा ल्हेनित्से परिसर फळबागांसाठी, विशेषतः चेरीसाठी प्रसिद्ध आहे.

दुसरी पायरी डोंगरपायथ्याची. जिल्ह्याचे मुख्य ठिकाण प्राखातित्से येथेच सुमारे ५६० मीटर उंचीवर आहे. शेजारी ब्लानित्से नदीच्या काठी हुसिनेत्स आहे. धर्मसुधारक यान हुस यांचे हे जन्मगाव होय. चर्चमधील गैरव्यवहारांवर टीका केल्याबद्दल त्यांना पाखंडी ठरवून ६ जुलै १४१५ रोजी कॉन्स्टन्स येथे जिवंत जाळण्यात आले.

तिसरी पायरी शुमावा पर्वताची. येथील पठारे हजार मीटरहून उंच असून हिवाळा दीर्घ, माती आम्लधर्मी आणि दलदली विस्तृत आहेत. १,०६५ मीटर उंचीवरील क्विल्दा ही देशातील सर्वाधिक उंचीवरची ग्रामपालिका आहे. तिच्याजवळच व्लतावा नदीच्या मुख्य प्रवाहाचा उगम होतो. सुमारे ४३० किमी लांबीची ही देशातील सर्वांत लांब नदी प्राग शहरातून वाहत जाऊन पुढे एल्ब नदीस मिळते.

येथवरचे वर्णन नियतिवादाला पोषक वाटते. खाली सुपीक जमीन, म्हणून जुनी गावे. वर थंडी आणि दलदल, म्हणून विरळ वस्ती. परंतु हे चित्र अपुरे आहे, हे पुढील भागांवरून दिसून येईल.

५.२.२ मिठाची वाट

बोहेमियात मिठाचे साठे नाहीत. माणसांना, गुरांना आणि मांस टिकवण्यासाठी लागणारे मीठ बाहेरूनच आणावे लागे. ते आल्प्सच्या परिसरातून डॅन्यूबकाठच्या पासाऊ शहरात येई आणि तेथून ओझ्याच्या घोड्यांवर लादून शुमावा ओलांडून प्राखातित्से येथे पोहोचवले जाई. परतीच्या खेपेत धान्य, माल्ट आणि मध असा माल जाई. या मार्गाला 'सोनेरी वाट' असे नाव पडले. तिचा पहिला लेखी उल्लेख इ.स. १०१० चा आहे. राजा दुसरा हेन्री याने या वाटेवरील जकातीचे उत्पन्न पासाऊ येथील एका मठास दान दिले, त्या संदर्भात तो येतो.

पुढे या वाटेला विम्पेर्क आणि काश्पेर्स्के होरी या गावांकडे जाणारे फाटे फुटले. घाटमार्गावर मुक्कामाची आणि चाऱ्यापाण्याची ठिकाणे लागत, आणि त्यांतून वस्त्या वाढल्या. व्होलारी गावाजवळच्या 'सोउमार्स्की मोस्त' या स्थळनामात हा इतिहास आजही ऐकू येतो. 'सोउमार' म्हणजे ओझ्याचे जनावर, आणि 'मोस्त' म्हणजे पूल.

व्यापारातून आलेली सुबत्ता प्राखातित्से शहराच्या चौकात पाहावयास मिळते. सोळाव्या शतकातील चित्रांकित दर्शनी भिंतींची घरे तेथे अजून उभी आहेत. सतराव्या शतकाच्या अखेरीस हॅब्सबर्ग शासनाने आपल्याच प्रदेशातील मिठाला संरक्षण दिले आणि पासाऊच्या मिठाची वाट बंद पडली. घाट तोच होता आणि हवामानही तेच होते. शासनाचे धोरण तेवढे बदलले आणि शहराचे महत्त्व ओसरले.

५.२.३ जंगल, कालवा आणि काच

१७१९ साली येथील विस्तृत जहागीर वारसाने श्वार्त्सेनबेर्ग या सरदार घराण्याकडे आली. उंचावरील जंगल ही तिची मोठी संपत्ती होती. मात्र लाकूड विकायचे कसे, ही अडचण होती. मोठी मागणी व्हिएन्नाकडून होती, तर शुमावातील पाणी व्लतावेतून उत्तरेकडे वाहत होते. योसेफ रोझेनावर या अभियंत्याने यावर उपाय शोधला. १७८९ पासून त्याने डोंगराच्या कुशीतून असा कालवा खोदवला, की तो व्लतावा आणि डॅन्यूब यांच्यामधील जलविभाजक ओलांडतो. या कालव्यातून सरपणाचे ओंडके डॅन्यूबकडे आणि तेथून व्हिएन्नाकडे वाहून जाऊ लागले. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी तो पुढे वाढवून डोंगराखालून बोगदाही काढण्यात आला.

लाकूडतोड करण्यासाठी माणसे हवी होती. त्यामुळे अठराव्या शतकाच्या अखेरीपासून, जेथे पूर्वी कोणी राहत नव्हते, अशा उंचीवर नवी गावे वसली. 'क्नीझेत्सी प्लान्ये' हे त्यांपैकी एक. नावाचा अर्थ 'राजपुत्राचे माळ'. सीमेवरील बुचिना हे दुसरे. 'बुचिना' म्हणजे बीच वृक्षांचे रान. १८३४ साली लेनोरा येथे काचकारखाना निघाला. जहागीरदाराची पत्नी एलेओनोरा हिच्या नावावरून गावाला हे नाव मिळाले. काच वितळवण्यास लागणारे लाकूड आणि तिच्यासाठी लागणारी राख, दोन्ही जंगलच पुरवत असे. ओंडक्यांचा प्रवाह नियंत्रित करण्यासाठी व्लतावेवर बांधलेला लाकडी छताचा पूल लेनोरात आजही पाहता येतो.

याच जहागिरीत एक वेगळा निर्णयही झाला. बोउबिन पर्वतावरील प्राचीन अरण्याचा एक भाग १८५८ साली कुऱ्हाडीपासून राखून ठेवण्यात आला. युरोपातील आरंभीच्या वनसंरक्षणाच्या प्रयत्नांत त्याची नोंद घेतली जाते. म्हणजे एकाच मालकाने एक जंगल तोडण्यासाठी गावे वसवली आणि दुसरे जंगल जसेच्या तसे ठेवले.

५.२.४ दोन भाषांची गावे

या जिल्ह्यात शतकानुशतके चेक आणि जर्मन भाषक शेजारी राहिले. सखल भाग मुख्यतः चेक, तर पर्वतीय भाग मुख्यतः जर्मन भाषक होता. म्हणून अनेक गावांना दोन नावे आढळतात : प्राखातित्सेला प्राखातित्स, विम्पेर्कला विंटरबेर्ग, व्होलारीला वालर्न. अशी जोडनावे प्रादेशिक इतिहासाचे महत्त्वाचे साधन असतात. एखाद्या जुन्या कागदपत्रात कोणते नाव वापरले आहे, यावरून लिहिणारा कोण आणि काळ कोणता याचा अंदाज बांधता येतो.

१९३८ च्या म्युनिक करारानंतर प्राखातित्से शहरासह हा पर्वतीय पट्टा नाझी जर्मनीला जोडण्यात आला. युद्धाच्या अखेरच्या आठवड्यांत हेल्म्ब्रेख्त्स येथील छळछावणीतून ज्यू स्त्री-कैद्यांना या भागाकडे पायी हाकलत आणण्यात आले. भूक, आजार आणि रक्षकांची क्रूरता यांना बळी पडलेल्या ९५ स्त्रियांच्या कबरी व्होलारी येथे आहेत.

युद्धानंतर, १९४५-४६ मध्ये, चेकोस्लोव्हाकियातील बहुसंख्य जर्मन भाषकांना देशाबाहेर घालवण्यात आले. त्यात नाझी राजवटीचे समर्थक होते, तसेच लहान मुले आणि वृद्धही होते. शुमावातील कित्येक गावे अक्षरशः रिकामी झाली. देशाच्या अंतर्भागातून, स्लोव्हाकियातून आणि परदेशी राहणाऱ्या चेक-स्लोव्हाक समाजांतून नवे रहिवासी आणले गेले, परंतु सर्व घरे भरण्याइतके ते नव्हते.

५.२.५ क्विल्दा आणि बुचिना : एक तुलना

आता आरंभीच्या प्रश्नाकडे वळू. क्विल्दा आणि बुचिना यांच्यात अंतर आहे काही किलोमीटरचे. दोन्ही हजार मीटरहून उंच, दोन्हीकडे बर्फ आणि नापीक माती सारखीच. दोन्ही गावांतील जर्मन भाषक रहिवासी युद्धानंतर गेले. मात्र क्विल्दा पुन्हा वसले आणि बुचिना वसले नाही.

फरक सीमेपासूनच्या अंतराचा होता. फेब्रुवारी १९४८ मध्ये साम्यवादी पक्षाने सत्ता हाती घेतली. त्यानंतर बव्हेरियाची सीमा म्हणजे दोन जगांमधील 'पोलादी पडदा' झाली. १९५० च्या दशकाच्या आरंभी सीमेलगत निषिद्ध पट्टा आखण्यात आला. तेथे कोणासही राहण्याची परवानगी नव्हती. तारांची कुंपणे उभी राहिली आणि काही काळ त्यांतून उच्च दाबाची वीज खेळवली गेली. पट्ट्यातील घरे पाडण्यात आली. बुचिना गेले, क्नीझेत्सी प्लान्ये गेले, त्याचे चर्चही पाडले गेले. क्विल्दा पट्ट्याच्या बाहेर राहिले, म्हणून वाचले.

या तुलनेत भूमी आणि हवामान हे घटक जवळजवळ समान आहेत. त्यामुळे परिणामातील फरकाचे कारण त्यांत शोधता येत नाही. ते राजकीय निर्णयात सापडते, आणि तो निर्णय गावकऱ्यांना न विचारता, गावापासून फार दूर घेतला गेला होता. येथे शक्यतावादालाही एक पुरवणी जोडावी लागते. निसर्गाने दिलेल्या शक्यतांतून निवड माणूस करतो हे खरे. परंतु निवड करणारा माणूस आणि तिचे फळ भोगणारा माणूस नेहमी एकच नसतो.

५.२.६ निर्मनुष्यतेचा वारसा

१९८९ मध्ये साम्यवादी राजवट संपली आणि कुंपणे निघाली. १९९१ साली शुमावा राष्ट्रीय उद्यान स्थापन झाले. आज पर्यटक येथे शांतता आणि 'अस्पर्शित निसर्ग' अनुभवण्यास येतात. बोउबिनच्या अरण्याविषयी हे वर्णन बरेचसे यथार्थ आहे. सीमेलगतच्या माळांविषयी मात्र ते फसवे ठरते. तेथील शांतता माणसे घालवल्यामुळे निर्माण झाली आहे. नीट पाहिल्यास गवतात दगडी पायांच्या ओळी दिसतात, आणि रानात अवचित घराजवळ लावलेली झाडे आढळतात. क्नीझेत्सी प्लान्ये येथील दफनभूमीची डागडुजी करण्यात आली आहे, आणि बुचिना येथे छोटे प्रार्थनामंदिर पुन्हा बांधले गेले आहे.

निर्णय कोणी घ्यायचा, हा प्रश्न येथे संपलेला नाही. जानेवारी २००७ मध्ये 'किरिल' वादळाने असंख्य झाडे पाडली आणि साल पोखरणाऱ्या भुंगेऱ्यांचा मोठा प्रादुर्भाव झाला. बाधित झाडे तोडावीत की निसर्गाला त्याच्या मार्गाने जाऊ द्यावे, यावर शास्त्रज्ञ, उद्यान प्रशासन आणि स्थानिक ग्रामपालिका यांच्यात तीव्र मतभेद झाले. लाकूड आणि पर्यटन यांवर जगणाऱ्या लहान गावांना या वादात आपला शब्द मोजला जावा असे वाटते. या प्रदेशाचा इतिहास पाहता ही अपेक्षा समजण्यासारखी आहे.

५.३ सारांश

प्राखातित्से जिल्ह्यात भूरचनेने वस्तीची चौकट आखली. त्या चौकटीत गावे कोठे वाढावीत हे मिठाची वाट, जहागिरीची मालकी आणि काच-लाकडाचा व्यापार यांनी ठरवले. कोणती गावे नाहीशी व्हावीत हे विसाव्या शतकातील स्थलांतर आणि सीमाधोरण यांनी ठरवले. म्हणून एखाद्या प्रदेशाचा अभ्यास करताना उंची, माती आणि पाऊस यांच्या बरोबरीने रस्ता, मालकी आणि सीमा यांचीही नोंद घेतली पाहिजे. आज जे केवळ 'निसर्ग' म्हणून दिसते, त्यामागेही इतिहास असू शकतो.

५.४ पारिभाषिक शब्द

जलविभाजक : दोन नद्यांची पाणलोट क्षेत्रे वेगळी करणारी उंच भूमी.
जोडनाव : एकाच स्थळाचे दोन भाषांतील प्रचलित नाव.
निषिद्ध पट्टा : सीमेलगतचा, वस्तीस मनाई असलेला भूभाग.

५.५ स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. 'सोनेरी वाट' कोणत्या मालासाठी प्रसिद्ध होती? तिचा ऱ्हास का झाला?
२. रोझेनावर यांच्या कालव्याने कोणती भौगोलिक अडचण दूर केली?
३. क्विल्दा आणि बुचिना यांच्या तुलनेवरून नियतिवादाच्या मर्यादा स्पष्ट करा.
४. 'शुमावातील सर्व अरण्य अस्पर्शित आहे.' या विधानाचे परीक्षण करा.

५.६ क्षेत्रीय कार्य

आपल्या परिसरातील एखादे उठून गेलेले किंवा स्थलांतरित झालेले गाव निवडा. स्थळनाम, जुने रस्ते, पडक्या वास्तू आणि ज्येष्ठांच्या आठवणी यांच्या आधारे त्याची दोन पानी टिपणी तयार करा. गाव का हलले याची कारणे लिहिताना, तो निर्णय कोणी घेतला आणि गावकऱ्यांना त्यात किती वाव होता, याची स्वतंत्र नोंद करा.