चौदा दिवस उशीर

बावीस हजार आठशे रुपये म्हणजे काही कुबेराचे भांडार नव्हे, हे मी जाणतो. परंतु जी रक्कम नियमाने माझी होती, जिचा हिशेब मी तासातासाने मांडून दिला होता, ती केवळ अर्ज चौदा दिवस उशिरा पोहोचला म्हणून बुडावी, आणि तो उशीर ज्यांच्या सांगण्यावरून झाला त्यांनीच तो माझ्या पदरात दोष म्हणून घालावा, याचे शल्य इतक्या वर्षांनंतरही बोथट झालेले नाही.

आमच्या शिवारातली डीपी, म्हणजे विजेचे रोहित्र, 3 फेब्रुवारी 2017 रोजी जळाली आणि 24 तारखेला नवी बसली. वीज नियामक आयोगाच्या तेव्हा लागू असलेल्या 2014 च्या विनियमांप्रमाणे ग्रामीण भागातील जळालेले रोहित्र 48 तासांत बदलून मिळायला हवे होते. न मिळाल्यास पुढच्या दर तासाला 50 रुपये भरपाई होती. एकवीस दिवसांचे 504 तास, त्यांतून 48 वजा जाता उरले 456. माझ्याकडे थकबाकी छदामाची नव्हती, हे मुद्दाम नमूद करतो, कारण अशा प्रकरणांत पहिला संशय तोच घेतला जातो.

उन्हाळी कांद्याची लागण नुकतीच झालेली. विहिरीत पाणी असून वाफ्यांत रोप माना टाकीत होते. दुसऱ्याच दिवशी मी लेखी तक्रार देऊन पोचेवर आवक शिक्का घेतला होता. पुरवठा सुरू झाल्यावर भरपाईचा विषय काढला, तेव्हा वीज कंपनीच्या उपविभागातल्या साहेबांनी चहा मागवला आणि मोठ्या आर्जवाने म्हणाले, ‘काका, वसुलीचे दिवस आहेत. मार्चएण्ड होऊ द्या, मग तुमचं निवांत बघू.’ सरकारी वळणाच्या दप्तरात इतका आदर सहसा लाभत नाही, त्यामुळे मी विरघळलो. मार्चनंतर साहेब रजेवर, मग घरी लग्नकार्य, असे करता करता मी रीतसर मागणीअर्ज घेऊन गेलो तो 9 मे रोजी.

साहेबांनी अर्ज वाचला, टेबलावरचे कॅलेंडर पुढे ओढले, 24 फेब्रुवारीवर पेन्सिलीचे टोक ठेवले आणि ओठांत पुटपुटत एकेक चौकट ओलांडीत ते 25 एप्रिलवर येऊन थांबले. ‘काका, साठ दिवस इथेच संपले. अर्ज मुदतबाह्य.’ ती पेन्सिल ज्या सराईतपणे चालली, ती पाहून माझ्या ध्यानात आले की या गृहस्थांना ही मुदत चहा मागवतानाही ठाऊक होती. मी म्हणालो, ‘साहेब, थांबायला तुम्हीच सांगितलं होतं ना?’ त्यावर शांतपणे उत्तर आले, ‘तसं मी लिहून दिलंय का?’

पुढे ग्राहक गाऱ्हाणे मंचाकडे गेलो. तेथे दोन वर्षांपर्यंत दाद मागता येते, एवढ्यावर विसंबून मी निर्धास्त होतो. पण मंचाची मुदत निराळी आणि भरपाई मागण्याची मुदत निराळी, पहिली शिल्लक असल्याने दुसरी जिवंत होत नाही, हे निकाल हाती पडल्यावर समजले. माझ्या 4 फेब्रुवारीच्या तक्रारीत ‘नुकसानभरपाई’ हा शब्दच नव्हता, म्हणून ती मागणी ठरली नाही. तेव्हा पहिल्याच अर्जात तो शब्द स्पष्ट घाला. साठ दिवस पुरवठा सुरळीत झाल्यापासून मोजतात, बिघाडापासून नव्हे. म्हणून डीपी बसल्याची तारीख व वेळ शेजारच्या दोघा खातेदारांच्या सह्यांनिशी त्याच दिवशी लिहून ठेवा. मंचापुढे वकील लागत नाही. मात्र करपलेल्या पिकाचे, बुडालेल्या नफ्याचे पैसे मंच देत नाही. त्यासाठी जिल्हा ग्राहक आयोगाची वाट धरावी, जेथे मुदत दोन वर्षांची असून सबळ कारण दाखवल्यास विलंब माफ होऊ शकतो. मंचाचा निकाल मान्य नसेल, तर विद्युत लोकपालाकडे साठ दिवसांत जावे लागते. मी तेही वैतागून केले नाही, आणि त्याबद्दल कोणाला बोल लावीत नाही.

कंपनीला मात्र जुनी बाकी वसूल करायला कायद्याने दोन वर्षे दिली आहेत, आणि ती देयक काढल्यापासून मोजायची, असा सर्वोच्च न्यायालयाचा 2020 चा निवाडा आहे. देयक केव्हा काढायचे, हे अर्थात कंपनीच ठरवते. कागद जपा, तोंडी शब्दावर विसंबू नका, हे तर सगळेच सांगतात. मलाही सांगितले होते.

2021 पासून नवी संहिता लागू झाली आहे, तेव्हा तास आणि दर तिच्यातून पडताळून घ्या. पण ज्यांच्या शिवारात गेल्या दोन महिन्यांत डीपी बदलली गेली असेल, त्यांनी हे वाचन येथेच थांबवून आधी अर्ज लिहायला बसावे.