*इंजिन बदललंय? मग हेडमधली वाफ कुठून निघते ते आधी बघा*



दर आठवड्याला आपण पिकाबद्दल बोलतो. आज ट्रॅक्टरबद्दल बोलू, कारण पेरणी तोंडावर आली आहे. आपल्यातल्या काही सभासदांनी यंदा नवा ट्रॅक्टर घेण्याऐवजी जुन्यालाच सेकंडहँड इंजिन बसवून घेतलं आहे. निर्णय चुकीचा नाही, पैसे वाचतात. पण या कामात एक बारीक नळी हमखास राहून जाते आणि ऐन हंगामात महागात पडते.

*आमच्या घरचा अनुभव*

दोन वर्षांपूर्वी आमच्या ट्रॅक्टरचा ब्लॉक फुटला. वडिलांनी त्याच कंपनीचं, पण पुढच्या मॉडेलचं जुनं इंजिन आणून बसवलं. त्या इंजिनाच्या हेडवर मागच्या बाजूला एक छोटं निपल होतं. आमच्या जुन्या रेडिएटरला ते जोडायला जागाच नव्हती. मेकॅनिक म्हणाला, "याचं काही काम नाही," आणि बोल्ट लावून निपल बंद केलं.

तिसऱ्या दिवशी रोटाव्हेटर चालू असताना इंजिन ओढेना. टेम्परेचरचा काटा मधेच होता, म्हणून वडिलांनी अजून दोन फेऱ्या मारल्या. मग सायलेन्सरमधून पांढरा धूर आला. हेड गॅसकेट गेलं होतं, हेड वाकलं होतं. ते फेसिंगला पाठवून परत येईपर्यंत वापसा गेला. सोयाबीन अकरा दिवस उशिरा पेरलं. सगळ्या गावाला वेळेवर पेरणी करा म्हणून सांगणारा मी, आणि उशीर माझ्याच घरी!

*वाफेची नळी कशासाठी असते?*

ठिबकच्या मेन लाईनवर सगळ्यात उंच जागी आपण एअर व्हॉल्व्ह बसवतो. का? हवा वर जाते, उंचवट्यावर साठते आणि पाणी अडवते. इंजिनातही तेच होतं. पाणी भरताना हवा आत राहते. शिवाय सिलेंडरच्या वर हेड सगळ्यात जास्त तापतं, तिथे पाण्याला बुडबुडे येतात. ही हवा आणि वाफ हेडच्या उंच कोपऱ्यात जमते.

जिथे वाफ आहे तिथे पाणी धातूला टेकत नाही. हवा पाण्यापेक्षा वीस पटीहून कमी उष्णता वाहून नेते. म्हणजे तेवढा भाग कोरडाच तापतो, हेड वाकतं, गॅसकेट जातं. टेम्परेचरचा सेन्सर वाफेत उघडा पडला तर काटाही खोटं सांगतो. आमच्याकडे हेच झालं.

*प्रत्येक इंजिनाला वेगळी नळी लागते का?*

नाही. बऱ्याच जुन्या ट्रॅक्टरमध्ये थर्मोस्टॅटचं घर हेडच्या सगळ्यात उंच जागी असतं. रेडिएटरचं तोंड त्याच्याही वर असतं. तिथे हवा वरच्या होज पाईपातून आपोआप निघते. इंजिन बदललं की मात्र उंचीचं गणित बदलतं. म्हणून दोन गोष्टी तपासा:

१) नव्या इंजिनाच्या हेडवर बारीक निपल आहे का? असेल तर ते बंद करू नका. कंपनीने ते कामासाठीच दिलेलं असतं.

२) रेडिएटरचं झाकण हेडच्या वर आहे की खाली? लेव्हल ट्यूबने बघा. हेड वर असेल तर हवा हेडमध्येच राहणार. अशा वेळी झाकणाची, दाब सहन करणारी वेगळी टाकी हेडपेक्षा उंच बसवावी लागते. हेडची बारीक नळी या टाकीच्या वरच्या भागात येते आणि टाकीच्या तळातून दुसरी नळी वॉटर पंपाच्या ओढीच्या बाजूला जाते.

*नळी टाकताना*

• हेडपासून रेडिएटरच्या वरच्या टाकीपर्यंत नळी सतत चढती हवी. मधे उंचवटा आला तर तिथे हवा अडकते, झोळ पडला तर तिथे पाणी बसून वाट अडते.

• हेडला दोन निपल असतील, पुढे आणि मागे, तर दोन्ही टी लावून जोडा. उतारावर नांगरताना ट्रॅक्टरचं तोंड कधी वर, कधी खाली असतं. हवा त्याप्रमाणे जागा बदलते.

• आतून ६ ते ८ मिमीची नळी पुरते. फार मोठी घेतली तर गरम पाणी थर्मोस्टॅटला चुकवून पळतं आणि इंजिन लवकर तापावर येत नाही.

• ही नळी पाणी परत येणाऱ्या साध्या प्लास्टिक बाटलीला जोडू नका. त्या बाटलीत दाब नसतो, सगळं कुलंट तिकडे फेकलं जाईल.

• ठिबकची लॅटरल किंवा फवारणी पंपाची नळी वापरू नका. मी दोन ठिकाणी हे पाहिलंय. गरम पाण्याने ती मऊ पडते आणि निसटते. रेडिएटरसाठीची रबरी होजच घ्या, दोन्ही टोकांना क्लिप लावा.

• सायलेन्सरच्या मॅनिफोल्डपासून आणि फॅनच्या पात्यांपासून लांब ठेवा. पत्र्याच्या धारेवर घासत असेल तर रबर गुंडाळा.

*पाणी भरण्याची पद्धत*

इंजिन पूर्ण थंड असू द्या. ट्रॅक्टरचं तोंड चढाकडे करून उभा करा, म्हणजे रेडिएटरचं झाकण सगळ्यात वर येईल. हँडब्रेक लावा, चाकांना दगड लावा. वाफेच्या नळीचं रेडिएटरकडचं टोक सैल करा आणि सावकाश कुलंट भरा. बुडबुडे थांबून सलग धार आली की टोक घट्ट करा.

आता झाकण उघडंच ठेवून इंजिन हळू चालवा. थर्मोस्टॅट साधारण ८० अंशांच्या आसपास उघडतो. तेव्हा वरचा होज गरम लागतो आणि पातळी एकदम खाली जाते. तेवढं भरा आणि झाकण लावा. इंजिन थंड झाल्यावर पुन्हा बघा. पहिले तीन दिवस रोज सकाळी काम सुरू करण्याआधी पातळी तपासा.

पातळी स्थिर राहिली तर काम झालं. हवा निघाल्यावरही बुडबुडे येतच राहिले, किंवा पाणी रोज कमी होत असेल, तर ती अडकलेली हवा नाही. गॅसकेटमधून जळलेला वायू पाण्यात शिरत असेल. मग ट्रॅक्टर शेतात नेऊ नका, आधी मेकॅनिकला दाखवा.

काही जण गरम होतंय म्हणून थर्मोस्टॅट काढून टाकतात. त्याने हवा निघत नाही. उलट इंजिन थंड चालतं, डिझेल जास्त खातं आणि झिजतं.

*झाकणाबद्दल महत्त्वाचं*

साधारण ०.९ बारच्या झाकणाखाली साधं पाणी १०० ऐवजी ११८ अंशांच्या पुढे उकळतं. गरम असताना झाकण उघडलं की दाब जातो आणि आतलं पाणी क्षणात वाफ होऊन तोंडावर येतं. पाण्याची वाफ झाली की ती सुमारे १६०० पट जागा घेते. गरम इंजिनाचं झाकण कधीच उघडू नका, ओलं फडकं धरूनसुद्धा नाही. भाजलंच तर २० मिनिटं वाहत्या थंड पाण्याखाली धरा. टूथपेस्ट, हळद, शाई लावू नका. लगेच दवाखाना गाठा.

कुलंट चवीला गोड आणि विषारी असतं. काढलेलं कुलंट गोठ्याजवळ, हौदात किंवा बांधावर ओतू नका. जनावर आणि कुत्रं ते चाटतं. रेडिएटरमध्ये विहीर-बोअरचं खारं पाणीही भरू नका, आत क्षार बसतात.

*कागद विसरू नका*

मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम ५२ मध्ये वाहनातल्या बदलाचे नियम आहेत. नवा इंजिन नंबर आरटीओकडून आरसीवर चढवून घ्या आणि जुन्या इंजिनाची खरेदी पावती जपा. नंबर जुळला नाही तर विम्याच्या वेळी अडचण येते.

मी मेकॅनिक नाही. घरचं नुकसान झाल्यावर एका जुन्या फिटर काकांजवळ बसून हे शिकलो. तुम्ही इंजिन बदललं असेल तर हेडच्या वरच्या बाजूचा आणि रेडिएटरच्या टाकीचा, असे दोन फोटो पाठवा. मी ते काकांना दाखवून तुम्हाला कळवतो. पेरणीला अजून थोडे दिवस आहेत. एका नळीचं काम अर्ध्या दिवसात होतं, हेडचं होत नाही.

पुढचा मेसेज: सोयाबीन बियाण्याची घरच्या घरी उगवण तपासणी.

आपला,
कृषी सल्लागार