हाड जुळलं नाही तर कोड काय लावायचा? ऑर्थो कोडिंगचं काम घेण्याआधी हा धडा करा

मेडिकल कोडिंगचा छोटा व्यवसाय घरून सुरू करता येतो का, यावरचा व्हिडिओ बघून बऱ्याच जणांनी विचारलं की सर, नेमकं काम काय असतं ते एक उदाहरण घेऊन दाखवा. आज दाखवतो. उदाहरण मुद्दाम अवघड घेतलंय: अमेरिकेतल्या ऑर्थोपेडिक क्लिनिकचा पेशंट, नडगीचं हाड मोडलं आणि महिने उलटले तरी ते जुळलं नाही. वही-पेन घ्या, कारण हा धडा नुसता वाचून डोक्यात राहत नाही.

अमेरिकेत डॉक्टरला विमा कंपनीकडून पैसे मिळतात ते कोडवर. काय आजार आहे त्याचा एक कोड, काय उपचार केला त्याचा दुसरा. आजाराचे कोड १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०-सीएम या पद्धतीने लागतात. आपलं काम म्हणजे डॉक्टरने लिहिलेली नोंद वाचून बरोबर कोड लावणं. (कोडमधली अक्षरं मी इथे देवनागरीत लिहितोय, सॉफ्टवेअरमध्ये अर्थातच इंग्रजी.)

आता हा कोड बघा: एस८२.२५१के. एस८२ म्हणजे गुडघ्याखालच्या पायाचं फ्रॅक्चर, घोट्यासकट. मांडीचं हाड असतं तर एस७२. पुढचा २ म्हणजे नडगीचा मधला दांडा. त्यानंतरचा ५ म्हणजे हाडाचे तुकडे झालेत. १ म्हणजे उजवा पाय आणि हाड जागेवरून सरकलेलं. इथपर्यंत नवीन मुलंही बरोबर येतात. पैसे अडकतात ते शेवटच्या, म्हणजे सातव्या अक्षरावर.

सातवं अक्षर सांगतं की हे फ्रॅक्चर आत्ता कुठल्या अवस्थेत आहे. उपचार चालू असतील तर ए, बी, सी. नीट जुळतंय आणि पेशंट फक्त तपासणीला येतोय तर डी, ई, एफ. उशिरा जुळतंय तर जी, एच, जे. जुळलंच नाही, म्हणजे नॉनयुनियन, तर के, एम, एन. वाकडं जुळलं, म्हणजे मालयुनियन, तर पी, क्यू, आर. आणि जुन्या फ्रॅक्चरचे मागे राहिलेले परिणाम असतील तर एस. प्रत्येक तिघांत पहिलं अक्षर बंद फ्रॅक्चरचं, दुसरं उघड्या जखमेच्या टाइप १ किंवा २ चं, तिसरं टाइप ३ए, ३बी, ३सी चं. हे टाइप गस्टिलो वर्गीकरणातले. के नंतर एल नाही, थेट एम येतो. घाईत टाइप करताना हे लक्षात असू द्या.

आता सगळ्यात मोठा खड्डा. क्लासमध्ये शिकवतात की 'ए म्हणजे उपचार चालू'. मग समोर केस येते: हाड जुळलं नाही म्हणून डॉक्टरने कंबरेचं हाड घेऊन नडगीत बसवलं, मोठं ऑपरेशन झालं. नवीन कोडर म्हणतो, ऑपरेशन म्हणजे उपचार चालू, लाव ए. चूक! फ्रॅक्चरवर आधी उपचार झालेत आणि आता त्याच्या गुंतागुंतीवर चाललेत, म्हणून के, एम किंवा एन. या ऑपरेशनचा उपचार-कोड २७७२४, त्याचा अर्थच 'न जुळलेली किंवा वाकडी जुळलेली नडगी दुरुस्त केली, पेशंटचंच हाड वापरून'. त्याच्या शेजारी ताज्या फ्रॅक्चरचा कोड लावलात तर दोन्हींचा मेळ कसा बसणार? क्लेम परत येतो आणि क्लिनिकचे पैसे लटकतात. याला एक अपवाद आहे, तो खाली सरावात.

दुसरा खड्डा माझ्या एका विद्यार्थिनीने स्वतः भोगलाय. दोन खोल्यांचं ऑफिस, तीन कोडर, मोठ्या कंपनीकडून सब-कॉन्ट्रॅक्टवर काम. तिच्या कोडरने नोंदीत बघितलं की फ्रॅक्चरला अकरा महिने झाले, एक्स-रेत रेष अजून दिसतेय. इंटरनेटवर त्याने वाचलं होतं की अमेरिकेच्या एफडीएच्या व्याख्येत नऊ महिने झाले आणि शेवटच्या तीन महिन्यांत प्रगती नाही तर नॉनयुनियन. व्याख्या खरी आहे हो. पण डॉक्टरने कुठेही नॉनयुनियन लिहिलं नव्हतं, 'उशिरा जुळतंय' लिहिलं होतं. त्याने जी ऐवजी के लावला, तोही एकदा नाही, बऱ्याच फायलींत. ऑडिटमध्ये सापडलं आणि काम गेलं. ती मला म्हणाली, "सर, त्याने तर जास्त अभ्यास केला म्हणून चुकला!" तिचं बरोबर आहे. पण निदान डॉक्टर करतो, आपण नाही. सरकारी विम्यात चुकीचे क्लेम जाणूनबुजून गेले तर तिथे तिप्पट भरपाईचा कायदा आहे, त्यामुळे मोठ्या कंपन्या अशा बाबतीत दयामाया दाखवत नाहीत.

मग शंका आली तर काय करायचं? डॉक्टरला लेखी प्रश्न पाठवायचा, याला क्वेरी म्हणतात. 'हे नॉनयुनियन आहे ना?' असं विचारू नका, ते उत्तर तोंडात घातल्यासारखं होतं. 'फ्रॅक्चर जुळण्याची सध्याची अवस्था कृपया नोंदवावी' असं लिहा आणि सगळे पर्याय द्या: नीट जुळतंय, उशिरा, जुळलं नाही, वाकडं जुळलं, इतर, सांगता येत नाही.

ज्यांनी आपल्याकडच्या हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात काम केलंय त्यांच्यासाठी एक सूचना. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये नॉनयुनियनला एम८४.१ असा वेगळा कोड आहे. अमेरिकेच्या आवृत्तीत तो नाहीच. सवयीने लावाल तर सॉफ्टवेअर स्वीकारणार नाही.

व्यवसायाचं बोलू. आजाराच्या कोडची यादी आणि नियम अमेरिकन सरकार फुकट देतं, दरवर्षी १ ऑक्टोबरपासून नवीन लागू होतात. उपचाराचे कोड मात्र अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या मालकीचे, त्याचा खर्च धरा. सीपीसी परीक्षा पास झालात तरी अनुभव नसेल तर नावापुढे शिकाऊ अशी खूण राहते, म्हणून सुरुवातीला थेट क्लिनिक मिळेल ही आशा नको. आणि पेशंटच्या माहितीचा करार, त्यांच्या हिपा कायद्याखालचा, सही केल्याशिवाय एकही फाइल उघडू नका. स्क्रीनचा फोटो काढून व्हॉट्सॲपवर 'दादा, हे जरा बघ ना' असं पाठवणं म्हणजे सरळ करारभंग.

आता सराव. उत्तर झाकून आधी स्वतः लिहा.

डावी नडगी, दांड्याचे तुकडे, सरकलेलं, जखमेच्या वेळी उघडं टाइप २, उपचार झाले होते, आज डॉक्टरने नॉनयुनियन लिहिलं. उत्तर: एस८२.२५२एम.

शिडीवरून पडला, डॉक्टरकडे गेलाच नाही, चार महिन्यांनी पहिल्यांदा आला, डॉक्टर म्हणतात नॉनयुनियन. हाच तो अपवाद. उपचार घ्यायलाच उशीर केलेल्या पेशंटला सुरुवातीच्या उपचाराचं अक्षर, बंद फ्रॅक्चर असेल तर ए.

नोंदीत उघडं की बंद ते लिहिलेलं नाही, सरकलं की नाही तेही नाही. नियमाने बंद आणि सरकलेलं धरायचं.

हाडं ठिसूळ झाल्याचं निदान असलेल्या आजी घरात घसरल्या, डावं मांडीचं हाड मोडलं, उपचारांनंतरही जुळलं नाही आणि डॉक्टरने तसं लिहिलं. इथे एस७२ लावलात तर चुकलात. वयामुळे ठिसूळ झालेलं हाड असेल तर एम८०.०५२के. या गटात उघडं-बंद हा भेदच नाही, त्यामुळे एम आणि एन शोधत बसू नका.