जुने संगणक-खेळ आणि नवे संगणक : एक अभ्यास

ग्रंथ कपाटात शंभर वर्षे पडून राहिला तरी उघडून वाचता येतो. कागद पिवळा पडेल, वाळवीने एखादा कोपरा खाल्ला असेल. पण वाचणाऱ्याला डोळे आणि अक्षरओळख यांखेरीज काही लागत नाही. संगणकावरील खेळाची स्थिती नाटकासारखी असते. संहिता जपून ठेवली तरी रंगमंच, दिवे आणि नट मिळाल्याखेरीज प्रयोग होत नाही. ज्या यंत्रासाठी खेळ लिहिला ते यंत्र गेले, की खेळाची फ्लॉपी शाबूत असूनही तो खेळ मुका होतो. अशा मुक्या झालेल्या खेळाला पुन्हा बोलते कसे करावयाचे, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. विषय तांत्रिक वाटला तरी कला शाखेच्या विद्यार्थ्याला तो परका नाही, हे लेखाच्या ओघात स्पष्ट होईल अशी आशा आहे.

उदाहरणादाखल 'प्रिन्स ऑफ पर्शिया' हा खेळ घेऊ. जॉर्डन मेकनर या अमेरिकन तरुणाने तो 'ॲपल टू' या संगणकासाठी रचला व १९८९ मध्ये तो प्रसिद्ध झाला. १९९० मध्ये त्याची डॉस-आवृत्ती निघाली. तळघरात कोंडलेल्या नायकाने साठ मिनिटांत राजकन्येची सुटका करावयाची, एवढेच कथानक. पण नायकाचे धावणे, उडी मारणे, कठड्याला लोंबकळणे इतके जिवंत, की पाहणारा थक्क व्हावा. मेकनरने आपल्या धाकट्या भावाच्या हालचालींचे चित्रीकरण करून त्यांवरून ही चित्रे रेखाटली होती. डॉसच्या काळात संगणक शिकलेल्या आपल्या काही प्राध्यापकांना हा राजपुत्र निश्चित आठवत असेल.

हा खेळ विंडोज ११ च्या संगणकावर जसाच्या तसा सुरू करावयास गेल्यास, तो येथे चालू शकत नाही असा निरोप पडद्यावर येतो. असे का व्हावे? माझ्या मते याची कारणे चार आहेत.

(१) प्रोसेसर : १९८१ च्या आयबीएम पीसीमध्ये ८०८८ हा प्रोसेसर होता आणि डॉसचे बहुतेक आरंभीचे प्रोग्रॅम त्याच्या १६ बिटी आज्ञांत लिहिलेले असत. १९८५ मध्ये आलेल्या ८०३८६ या प्रोसेसरमध्ये अशा जुन्या प्रोग्रॅमसाठी जुन्या प्रोसेसरचे सोंग घेण्याची खास सोय होती. पुढील विंडोज-आवृत्त्यांनी तिचाच आधार घेतला. परंतु २००३ पासून पीसीमध्ये रुळलेल्या ६४ बिटी पद्धतीत ही सोय ठेवलेली नाही. साहजिकच ६४ बिटी विंडोज १६ बिटी प्रोग्रॅम चालवीत नाही, आणि २०२१ मध्ये आलेले विंडोज ११ तर केवळ ६४ बिटी रूपातच मिळते.

(२) वेग : आयबीएम पीसीचा वेग ४.७७ मेगाहर्ट्झ होता. आजच्या साध्या लॅपटॉपचा वेग त्याच्या कित्येक शेकडा पट असतो. ज्या खेळांनी वेळ मोजण्यासाठी संगणकातील घड्याळाचा उपयोग केला, ते नव्या यंत्रावरही आपली लय सोडीत नाहीत. पण ज्यांनी प्रोसेसरच्या वेगावरच भिस्त ठेवली, ते बेफाम धावू लागतात. 'विंग कमांडर' (१९९०) हे याचे ठळक उदाहरण होय. याहून मौजेची गोष्ट टर्बो पास्कलमध्ये लिहिलेल्या प्रोग्रॅमची. त्यांपैकी अनेक प्रोग्रॅम आरंभीच यंत्राचा वेग अजमावीत. सुमारे ५५ मिलिसेकंदांत एक रिकामे आवर्तन किती वेळा होते ते मोजून त्या संख्येला ५५ ने भागीत. संगणक साधारण २०० मेगाहर्ट्झच्या पुढे गेले, तेव्हा हे उत्तर १६ बिटांच्या जागेत मावेना आणि प्रोग्रॅम 'शून्याने भागाकार' अशी चूक दाखवून बंद पडू लागले. वस्तुतः शून्य कोठेच नव्हते. यंत्र फार चपळ झाले होते, इतकेच.

(३) पडदा व ध्वनी : १९८७ च्या व्हीजीए पद्धतीत २५६ रंगांची चित्रे ३२० गुणिले २०० ठिपक्यांची असत आणि ती चारास तीन या प्रमाणाच्या पडद्यावर पसरत. म्हणजे प्रत्येक ठिपका रुंदीपेक्षा थोडा उंच दिसे. आजच्या रुंद पडद्यावर तेच चित्र ताणले, तर राजपुत्र ठेंगणा आणि स्थूल दिसतो. ध्वनीचेही तसेच. त्या काळी खेळ 'साउंड ब्लास्टर' (१९८९) यांसारख्या कार्डाशी थेट बोलत. आज ते कार्ड नाही आणि प्रोग्रॅमला यंत्राशी थेट बोलण्याची मुभाही नाही.

(४) माध्यम व कुलपे : फ्लॉपी वाचणारा ड्राइव्ह आता नव्या संगणकात नसतो. शिवाय नकला रोखण्यासाठी खेळांना कुलपे घातलेली असत. 'प्रिन्स'मध्ये पहिला टप्पा ओलांडला की अनेक कुप्या समोर येतात. त्यांतील योग्य अक्षराची कुपी छापील पुस्तिका पाहूनच ओळखावयाची. पुस्तिका हरवली की वाट बंद. पुढे सीडीच्या काळात 'सेफडिस्क' नावाचे कुलूप आले. त्याचा विंडोजमधील भाग सुरक्षिततेला बाधक ठरल्याने विंडोज १० ने (२०१५) त्याला थारा दिला नाही. परिणामी अस्सल सीडी हाती असूनही तो खेळ सुरू होत नाही.

आता उपायांकडे वळू. नाटकाचाच दाखला पुढे चालवावयाचा, तर मार्ग तीन आहेत.

पहिला मार्ग म्हणजे जुने थिएटरच नव्या इमारतीत जसेच्या तसे उभारणे. यालाच एम्युलेटर म्हणतात. 'डॉसबॉक्स' हा प्रोग्रॅम २००२ मध्ये दोन डच प्रोग्रॅमरांनी प्रथम उपलब्ध करून दिला. तो विनामूल्य असून त्याची मूळ संहिताही खुली आहे. तो प्रोसेसर, व्हीजीए, साउंड ब्लास्टर, सर्व काही नव्या संगणकाच्या पोटात प्रोग्रॅमनेच घडवितो. खेळाला वाटते, आपण १९९० मध्येच आहोत.

दुसरा मार्ग म्हणजे संहिता तीच, नट नवा. काही कंपन्या आपले खेळ स्वतःच्या छोट्या भाषेत लिहीत व ती वाचणारा वेगळा प्रोग्रॅम सोबत देत. 'मंकी आयलंड' (१९९०) हा अशांपैकीच. २००१ मध्ये सुरू झालेला 'स्कमव्हीएम' हा प्रकल्प नेमका तो वाचणारा भागच नव्याने लिहितो.

तिसरा मार्ग म्हणजे मूळ संहितेचे नव्या रंगमंचासाठी रूपांतर. 'डूम' (१९९३) या खेळाची संहिता त्याच्या कर्त्यांनी १९९७ मध्ये खुली केली. म्हणूनच तो आज नाना प्रकारच्या यंत्रांवर खेळता येतो.

प्रत्यक्ष कृती पाहावयाची तर पहिला मार्ग नवशिक्याला सर्वांत सोपा. प्रथम डॉसबॉक्स संगणकावर बसवावा. नंतर 'गेम्स' नावाचा फोल्डर करून त्यात खेळाचा फोल्डर ठेवावा. नावे रोमन लिपीत आणि आठ अक्षरांच्या आत असावीत, कारण डॉसला याहून लांब नाव कळत नाही. डॉसबॉक्स उघडून 'माउंट सी' या आज्ञेपुढे त्या फोल्डरचा पत्ता द्यावा. मग 'सी' व विसर्गचिन्ह टाइप करून एंटर दाबावे, 'सीडी' या आज्ञेने खेळाच्या फोल्डरमध्ये शिरावे व खेळाचे नाव टाइप करावे. वेग अधिक वाटला तर कंट्रोल व एफ ११ या कळा एकत्र दाबून तो कमी करता येतो. कंट्रोल व एफ १२ ने वाढविता येतो. वेगाचा आकडा म्हणजे एका मिलिसेकंदात चालणाऱ्या आज्ञांची संख्या. १९९० च्या सुमाराच्या खेळांना तीन हजारांपासून आरंभ करणे बरे. 'विंग कमांडर' लावून मी हा आकडा मुद्दाम खूप वाढवून पाहिला. शत्रूचे यान दिसण्यापूर्वीच खेळ आटोपला! ध्वनीसाठी खेळाच्या मांडणीत साउंड ब्लास्टर निवडून पत्ता २२०, इंटरप्ट ७ व डीएमए १ असे द्यावे. चित्राचे प्रमाण सुधारण्याची सोय मांडणीच्या फाइलमध्ये आहे, तीही चालू करावी.

विंडोज ९५ च्या काळातील खेळांची गोष्ट थोडी निराळी. खेळ ३२ बिटी असल्याने तो चालण्यासारखा असतो. पण तो बसविणारा प्रोग्रॅम कित्येकदा १६ बिटी निघतो आणि दारातच अडतो. अशा वेळी नवा बसविणारा प्रोग्रॅम शोधावा लागतो. खेळ बसल्यावर प्रॉपर्टीजमधील 'कंपॅटिबिलिटी' या भागात जुनी विंडोज-आवृत्ती निवडून पाहावी. चित्रे बिघडत असतील तर 'डीजीव्हूडू'सारखा दुभाष्या जुन्या चित्र-आज्ञांचे नव्या आज्ञांत भाषांतर करून देतो.

येथे एक प्रश्न टाळता येणार नाही, तो हक्काचा. 'खेळ जुना झाला, म्हणजे तो कोणाचाच नाही' ही समजूत चुकीची आहे. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या व्याख्येनुसार संगणक-प्रोग्रॅम ही 'साहित्यकृती'च होय, हे मराठीच्या विद्यार्थ्याने मुद्दाम ध्यानात घ्यावे. ज्याच्याजवळ प्रोग्रॅमची रीतसर प्रत आहे, त्याला ती नष्ट होऊ नये म्हणून राखीव प्रत करण्याची मुभा हा कायदा देतो. ज्यांच्याजवळ मूळ प्रत नाही त्यांच्यासाठी रीतसर विक्रीही होते. पोलंडमधील सीडी प्रोजेक्ट या कंपनीने २००८ मध्ये सुरू केलेले दुकान कित्येक जुने खेळ डॉसबॉक्ससह विकते.

'एवढी खटपट खेळासाठी?' असे कोणी विचारील. १९३१ चा 'आलम आरा' हा पहिला भारतीय बोलपट मुंबईत तयार झाला. आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाही. करमणुकीची वस्तू म्हणून ज्याकडे दुर्लक्ष झाले, तेच पुढे इतिहासाचे साधन ठरले आणि तेव्हा ते हाती उरले नव्हते. २०२३ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीनुसार, २०१० पूर्वी त्या देशात प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी सुमारे ८७ टक्के खेळ आज बाजारात मिळत नाहीत. स्वतः मेकनरच्या 'प्रिन्स'ची मूळ संहिताही अनेक वर्षे हरवली होती. २०१२ मध्ये त्याच्या वडिलांना घरातील एका खोक्यात त्या फ्लॉप्या सापडल्या. जाणकारांच्या साहाय्याने त्या वाचल्या गेल्या व संहिता सर्वांसाठी खुली झाली. ते खोके रद्दीत गेले असते तर?

हा प्रश्न परदेशातील खेळांपुरता नाही. आपल्याच वार्षिक अंकाच्या काही जुन्या सीडी ग्रंथालयाच्या कपाटात आहेत. ग्रंथपालांच्या परवानगीने मी त्यांतील एक उघडून पाहिली. लेख होते, पण मराठी नव्हती. ओळीच्या ओळी रोमन अक्षरांनी आणि चिन्हांनी भरलेल्या होत्या. युनिकोडपूर्व फाँटमध्ये देवनागरीची वळणे रोमन अक्षरांच्या जागी बसविलेली असत. तो फाँट संगणकावर नसेल तर कविता आणि कचरा यांत फरक उरत नाही. जे 'प्रिन्स'चे झाले तेच येथे आमच्या आधीच्या विद्यार्थ्यांच्या कवितांचे झाले आहे.

उपायही तेच आहेत. जुना फाँट शोधून मजकूर वाचता करावयाचा, म्हणजे पहिला मार्ग; आणि परिवर्तक प्रोग्रॅमने तो युनिकोडमध्ये आणावयाचा, म्हणजे तिसरा. त्यानंतर छापील अंक शेजारी ठेवून जोडाक्षरे आणि रफार डोळ्यांनी तपासावे लागतील, कारण परिवर्तक नेमका तेथेच चुकतो. दोन-तीन विद्यार्थ्यांनी सुट्टीत बसले तर एका अंकाचे काम सहज होईल. मी ग्रंथालयात माझे नाव देऊन ठेवले आहे. आणखी कोणाला यावयाचे असेल त्यांनी सीडी खराब होण्यापूर्वी यावे.