माहीत आहे म्हणून लिहू नकोस

पिंपळनेर, ता. साक्री, जि. धुळे

चि. अक्षय यास आत्याचे अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालास, अमेरिकन मेडिकल कोडिंगमध्ये अपघाताचे चार्ट सगळ्यात सोपे, कारण बसचं मला सगळं माहीत आहे. तेव्हाच ठरवलं की हे फोनवर बोलायचं नाही, लिहून कळवायचं. ड्रायव्हरच्या घरात तू वाढलास. दादाने शेलबारीचा घाट किती पावसाळे चढवला-उतरवला, हे तुला मी सांगायला नको. पण कोडरला ठाऊक असलेलं वेगळं आणि डॉक्टरने लिहिलेलं वेगळं. कोड फक्त लिहिलेल्याचा होतो.

क्लासमध्ये व्ही कोड, म्हणजे वाहन-अपघातांचे कोड, पाठ करायला लावतात म्हणे. पाठ करू नकोस, वाचायला शीक. व्ही ७४.५ घे. ७ म्हणजे जखमी माणूस बसमध्ये होता. ४ म्हणजे टक्कर ट्रक-कंटेनरसारख्या अवजड गाडीशी किंवा दुसऱ्या बसशी झाली. ४ च्या जागी २ असेल तर समोर मोटारसायकल किंवा रिक्षा, ३ असेल तर कार किंवा पिकअप, ७ असेल तर झाड, कठडा, खांब. बस बैलगाडीवर गेली तर ६, मोकाट बैल आडवा आला तर ०. कशालाही न धडकता उलटली तर ८. टिंबानंतरचा ५ सांगतो की जखमी झालेला चालक होता आणि अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला. तोच चालक आगाराच्या आवारात जखमी झाला तर ५ चा ० होतो. आणि बस म्हणजे दहाहून अधिक माणसं नेण्यासाठी बांधलेली गाडी. आपल्या काळीपिवळीत सोळा कोंबली तरी ती बस होत नाही!

आता कंडक्टरचं बघ. तू त्याला कर्मचारी समजशील, पण इथे चालक सोडून गाडीच्या आत असलेला प्रत्येक जण प्रवासी, म्हणून त्याला ६. फूटबोर्डवर बाहेर लटकत होता तर ७, चढता-उतरताना लागलं तर ४. तो ड्यूटीवर होता हे व्ही कोड सांगतच नाही. त्यासाठी वाय ९९.० वेगळा जोडायचा, चालकालाही तोच. अमेरिकेत या छोट्या कोडला मोठं महत्त्व आहे. पगारी कामावर इजा झाली की खर्च साधारणपणे मालकाच्या कामगार-भरपाई विम्यातून होतो, आरोग्य विम्यातून नाही. चुकीच्या विम्याकडे गेलेलं बिल परत येतं, आणि तोवर पाय प्लास्टरमध्ये घालून बसलेल्या माणसाच्या घरी पाकिटं येत राहतात. बाहेरच्या कारणांचे कोड तिथे सरसकट सक्तीचे नाहीत, राज्य किंवा विमा कंपनी मागेल तिथे लागतात. पण बस-चालकाच्या चार्टवर ते गाळू नकोस.

माझ्याकडे येणाऱ्या चार्टमधल्या रुग्णांचं मी काही सांगणार नाही. तूही कधी सांगायचं नाहीस, आईलासुद्धा नाही. म्हणून सराव सगळ्यांना ठाऊक असलेल्या अपघातावर कर. २८ जानेवारी २०२० ला धुळ्याहून कळवणकडे निघालेली एसटी देवळा तालुक्यात मेशीजवळ रिक्षाला धडकली आणि दोन्ही वाहनं रस्त्याकडेच्या विहिरीत गेली. २६ माणसं गेली. समज, अशा अपघातातल्या बस-चालकाचा चार्ट तुझ्यासमोर आला आणि त्यात विहिरीत पडल्याचं लिहिलं आहे. पुस्तकात विहिरीत पडण्याचा स्वतंत्र कोड सापडतो, डब्ल्यू १७.०. नवशिका हमखास तोच उचलतो. पण तो कोड पायी चालताना विहिरीत पडलेल्या माणसासाठी आहे. इथे आधी टक्कर झाली, तीही तीनचाकीशी. चालकाला व्ही ७२.५.

या सगळ्या आकड्यांत चूक कोणाची, हा रकानाच नाही. आपल्याकडे एसटी ठोकली की चालकाला लागलं किती हे मागून, आधी त्याने किती वेगात घेतली होती याची चौकशी. दादाला हे सांगितलं तर म्हणतो, अमेरिकेतच चालायचं असलं. पण या कोडांची मांडणी जागतिक आरोग्य संघटनेची आहे, आणि आपल्याकडच्या मृत्यूच्या कारणांच्या नोंदीही त्यावरच होतात. मला हा रकाना नाही हेच बरं वाटतं. तूही मनातल्या मनात तो उघडू नकोस, ना चालकाच्या बाजूने, ना विरुद्ध.

समोरासमोर टक्कर झाली की चालकाचा गुडघा डॅशबोर्डवर आदळतो. गुडघ्याची वाटी फुटते, कधी मांडीचं हाड मोडतं, कधी खुब्याची खोबण. तू चार्टवर वाटीचं फ्रॅक्चर आणि 'बस अपघात' एवढंच वाचशील आणि तुझा हात व्ही ७४.५ कडे जाईल, कारण तुला दिसतंय की हा स्टिअरिंगमागेच बसला असणार. थांब. पहिल्या सीटवरच्या प्रवाशाचाही गुडघा फुटतो. सगळा चार्ट वाच, मिळालं नाही तर डॉक्टरला क्वेरी टाक, आणि क्वेरीत उत्तर पेरू नकोस. 'रुग्ण चालक होता ना?' असं विचारायचं नाही. 'अपघाताच्या वेळी रुग्णाचं वाहनातलं स्थान नोंदवावं' एवढं पुरे. उत्तर आलंच नाही तर व्ही ७९.९, बसमधला कोणीही, अपघाताचा तपशील नाही. हा कोड लिहिताना कमीपणा वाटतो, मला अजून वाटतो. तरी तोच लिही.

पहिला कोड नेहमी दुखापतीचा, व्ही त्याच्या मागे. शेवटच्या अक्षरावर बरेच जण घसरतात. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे, प्रत्यक्ष उपचार चालू असणं. महिन्याने दुसऱ्या सर्जनने मांडीत रॉड घातला तरी 'ए'च. हाड भरून येतंय, नुसती तपासणी आहे, तेव्हा 'डी'. हाड उशिरा भरत असेल तर 'जी', जुळलंच नसेल तर 'के'. आणि असं अक्षर लागणाऱ्या कोडचे रकाने सात भरायचे असतात, म्हणून मधल्या रिकाम्या जागी एक्स येतो: व्ही ७४.५एक्सएक्सए. एक्स विसरलास तर क्लेम तिथेच अडकतो.

सीपीसी या कोडिंगच्या परीक्षेत १०० प्रश्नांना चार तास आहेत आणि पुस्तक सोबत नेता येतं. कोड दर १ ऑक्टोबरला बदलतात, तेव्हा पुण्यात कुणाचं जुनं पुस्तक स्वस्तात मिळतंय म्हणून घेऊ नकोस. परीक्षेच्या वर्षाचंच घे. पैसे मी पाठवते, दादाजवळ मागू नकोस.

तुझी,
आत्या