गेम काढला, पण शेत तसंच!

प्रश्न : मुलीच्या लॅपटॉपवरचा 'स्टार्ड्यू व्हॅली' मॉड्समुळे सारखा बंद पडायचा. अनइन्स्टॉल करून स्टीमवरून पुन्हा घेतला, तरी जुनं शेत आणि मॉड्स जसेच्या तसे! व्हायरस तर नाही ना?
— एक पालक, नाशिक

उत्तर : व्हायरस नाही, निर्धास्त राहा. गेम काढल्याने सेव्ह पुसले जात नाहीत. ते विंडोजच्या 'अ‍ॅपडेटा'मधल्या 'रोमिंग'मध्ये, 'स्टार्ड्यूव्हॅली'च्या 'सेव्ह्ज' फोल्डरात राहतात. शिवाय स्टीम क्लाउडवर प्रत असते, त्यामुळे फोल्डर उडवला तरी ती परत येऊ शकते.

खरं तर नव्या डावासाठी काहीच पुसावं लागत नाही. 'न्यू' दाबलं की वेगळं शेत सुरू. जुनं नकोच असेल, तर 'लोड'च्या यादीत त्या शेतासमोरची कचरापेटी दाबा. त्याआधी 'सेव्ह्ज'ची प्रत पेनड्राइव्हवर घ्याच, आणि मुलीलाही विचारा! रडारड तुम्हालाच निस्तरावी लागेल.

मॉड्स गेमच्याच फोल्डरातल्या 'मॉड्स'मध्ये असतात आणि गेम काढला तरी तिथेच उरतात; तो 'मॉड्स' फोल्डर डेस्कटॉपवर हलवा. स्टीमच्या 'लाँच ऑप्शन्स'मध्ये मॉड्स चालवणाऱ्या 'स्मॅपी'ची ओळ असेल तर तीही काढा. मॉड्सशिवाय जुनं शेत मात्र उघडू नका. त्यांतून आलेल्या वस्तूंच्या जागी 'एरर आयटम' दिसू लागतात.