ऑनलाइन खेळाची भेट व तिची पोच

वाढदिवस, मुंज, दिवाळी अथवा परीक्षेतील यश अशा निमित्ताने मुलांना काही भेट देण्याची चाल आपल्याकडे जुनीच आहे. पूर्वी पुस्तक, फाउंटन पेन किंवा कॅरमचा बोर्ड मिळत असे. आता त्यांच्या जोडीला संगणकावर खेळावयाचा खेळही आला आहे. परंतु ही भेट रंगीत कागदात गुंडाळून हाती देता येत नाही. ती ऑनलाइन विकत घ्यावी लागते, ऑनलाइनच पाठवावी लागते आणि घेणाऱ्यासही ती तेथेच स्वीकारावी लागते. या प्रवासात ती पुष्कळदा मध्येच अडते. पैसे गेले पण भेट आली नाही, किंवा भेट आली पण खेळ सुरू होत नाही, अशा तक्रारी अनेक घरांतून ऐकू येतात. मामांना वाटते, भाच्याने साधे आभारही मानले नाहीत. भाच्यास वाटते, मामा आपला वाढदिवस विसरले. पैशाचे नुकसान एक वेळ भरून निघते. पण असा गैरसमज मनात राहून जातो. यास्तव ही भेट कोठे अडते व ती कशी मोकळी करावी, याचा विचार आम्ही प्रस्तुत लेखात करणार आहोत.

भेट पुरी केव्हा होते?

आपल्या देशातील मालमत्ता हस्तांतरण कायदा १८८२ सालचा आहे. त्याच्या १२२ व्या कलमात दानाची व्याख्या दिली आहे. मोबदला न घेता, स्वखुशीने एकाने दुसऱ्यास आपली मालमत्ता द्यावी आणि दुसऱ्याने ती स्वीकारावी, तेव्हा दान होते, असा तिचा आशय आहे. देणाऱ्याची इच्छा तेवढी पुरत नाही. घेणाऱ्याचा स्वीकारही लागतो. जुन्या मनिऑर्डरीची रीत वडीलमंडळींना आठवत असेल. पोस्टात पैसे भरल्याची पावती लगेच मिळे. पण घेणाऱ्याच्या सहीची पोच परत आली म्हणजेच घरची माणसे निश्चिंत होत. ऑनलाइन भेटीसही हाच न्याय लावावा. पैसे भरल्याची पावती निराळी आणि भेट मिळाल्याची पोच निराळी, हा भेद ध्यानात ठेवला तर निम्म्या अडचणी आपोआप सुटतात.

या भेटीचे तीन टप्पे पडतात : पहिला देणाऱ्याचे पैसे, दुसरा भेटीची वाट आणि तिसरा घेणाऱ्याचा स्वीकार. भेट अडली असता प्रथम ती कोणत्या टप्प्यावर आहे हे ओळखावे आणि मगच उपाय करावा. उदाहरणासाठी आम्ही ‘स्टीम’ हे दुकान घेतो. अमेरिकेतील व्हॉल्व्ह या कंपनीने ते २००३ साली सुरू केले, आणि संगणकावरील खेळांच्या विक्रीत आज त्याचे स्थान फार मोठे आहे.

आपण नेमके काय देतो?

स्टीमवर खेळ विकत घेतला म्हणजे एखादी वस्तू आपल्या मालकीची होते असे नाही. तो खेळ खेळण्याचा परवाना आपल्या खात्यावर नोंदला जातो. ही गोष्ट ग्राहकास स्पष्ट सांगितलीच पाहिजे, असा कायदा अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने २०२४ मध्ये केला आणि तो १ जानेवारी २०२५ पासून अमलात आला. यावरून दोन गोष्टी निघतात. आपण स्वतः खेळून झालेला खेळ वाचलेल्या पुस्तकासारखा मित्रास देता येत नाही. भेटीसाठी नवीनच खरेदी करावी लागते. तसेच एकदा एका खात्यावर नोंदलेली भेट तेथून काढून दुसऱ्या खात्यावर चढविता येत नाही. लग्नात आहेराच्या वहीत एकाच्या नावाने मांडलेला आहेर दुसऱ्याच्या नावे करण्यासारखेच ते होईल.

पहिला टप्पा : देणाऱ्याचे पैसे

पैसे भरतानाच व्यवहार नाकारला गेला, तर दोष बहुधा कार्डाच्या मुभेत असतो. रिझर्व्ह बँकेने जानेवारी २०२० मध्ये काढलेल्या परिपत्रकानुसार नवीन कार्ड आरंभी भारतातील एटीएमवर व दुकानातील यंत्रावरच चालते. ऑनलाइन आणि परदेशी व्यवहारांची मुभा कार्डधारकाने स्वतः बँकेकडून सुरू करून घ्यावी लागते. खात्यात रक्कम असूनही कार्ड चालत नाही याचे हे एक नेहमीचे कारण होय. ते बँकेच्या ॲपमधून अथवा शाखेत जाऊन दूर करता येते.

याहून अधिक घोटाळा होतो तो पैसे वजा झाले पण खरेदी झाली नाही अशा वेळी. घाबरून पुन्हा तीच खरेदी करणे ही येथील मोठी चूक होय; तीमुळे दोनदा पैसे जाण्याचा संभव असतो. प्रथम दुकानातील आपला खरेदीचा इतिहास पाहावा आणि मग बँकेचा उतारा पाहावा. इतिहासात खरेदीची नोंद असेल, तर पैशाचा टप्पा पार पडला असे समजावे. नोंद नसेल, तर थांबावे. देशांतर्गत व्यवहारात यूपीआयने अथवा कार्डाने पैसे वजा होऊनही विक्रेत्यास ते कळले नाहीत, तर व्यवहाराच्या दिवसानंतर ५ दिवसांच्या आत रक्कम आपोआप परत आली पाहिजे, असे रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०१९ च्या परिपत्रकात सांगितले आहे. त्यापुढे विलंब झाल्यास दर दिवशी १०० रुपये भरपाई देण्याचेही बंधन आहे. परदेशी व्यवहारास हा नियम लागू नाही. तेथे याहून अधिक वेळ लागू शकतो.

आणखी एक चूक वरचेवर घडते. खरेदी करताना ‘ही भेट आहे’ असे निवडावयाचे राहून जाते आणि खेळ देणाऱ्याच्याच खात्यावर नोंदला जातो. तसे झाले तर खेळ सुरू न करता तत्काळ परतावा मागावा आणि नंतर भेट म्हणून पुन्हा खरेदी करावी.

दुसरा टप्पा : भेटीची वाट

पूर्वी स्टीमवर भेटीचा खेळ विकत घेऊन आपल्याजवळ साठवून ठेवता येई व पुढे केव्हाही देता येई. मे २०१७ पासून ही पद्धत बंद झाली. आता भेट थेट मित्राच्या खात्याकडे जाते आणि ती कोणत्या तारखेस पोहोचावी हेही आधी ठरविता येते. अर्थात् घेणाऱ्याचे नाव आपल्या मित्रयादीत असावेच लागते. एखाद्या खात्यावरून किमान ५ अमेरिकी डॉलरइतका खर्च होईपर्यंत त्यास मैत्रीचे निमंत्रण पाठविता येत नाही. म्हणून मुलाचे खाते नवे असेल तर निमंत्रण मामांनी पाठवावे आणि मुलाने ते मान्य करावे. एकाच नावाची व एकाच चित्राची अनेक खाती असू शकतात. तेव्हा खाते आपल्या माणसाचेच आहे ना, हे फोनवरून विचारून घ्यावे. हे न केल्यामुळे भेट भलत्याच्या हाती पडू शकते.

वाटेतील दुसरा अडथळा देशांच्या सीमांचा आहे. समजा, मामा न्यू जर्सीत राहतात व भाचा वडोदऱ्यास आहे. स्टीमवर २०१५ पासून भारतातील खात्यांना किमती रुपयांत दिसतात, आणि एकाच खेळाची किंमत निरनिराळ्या देशांत निरनिराळी असू शकते. दोन देशांतील किमतींत मोठे अंतर असेल तर ती भेट पाठविता येत नाही. स्वस्त देशात खेळ घेऊन महाग देशात विकण्याचा धंदा कोणी करू नये, हा या बंधनाचा हेतू होय. त्यामुळे भाच्याने वडोदऱ्याहून अमेरिकेतील मामेभावास खेळ पाठवू म्हटले, तर अडचण येऊ शकते. समाधान एवढेच, की हे बंधन खरेदीपूर्वीच कळते, पैसे गेल्यावर नव्हे. ते टाळण्यासाठी खात्यावर खोटा देश दाखविण्याची युक्ती कोणी सुचविली तर ऐकू नये. खाते बंद होण्याचा धोका त्यात आहे.

तारीख ठरवून पाठविलेल्या भेटीत वेळेचा हिशेबही पाहावा. आपले घड्याळ न्यू जर्सीच्या घड्याळापुढे उन्हाळ्यात साडेनऊ तास व हिवाळ्यात साडेदहा तास असते. मामांनी जुलै महिन्यात तेथील रात्री ८ ची वेळ निवडली, तर वडोदऱ्यास दुसऱ्या दिवशीचे पहाटेचे साडेपाच वाजलेले असतील. आदल्या रात्री भेट आली नाही म्हणून हिरमुसलेला भाचा सकाळी उठून पाहील, तो ती आलेली असेल!

तिसरा टप्पा : घेणाऱ्याचा स्वीकार

भेट निघाली, पण घेणाऱ्यास दिसत नाही, अशा वेळी त्याने पुढील क्रमाने तपासावे. आपण ज्या खात्यात शिरलो आहोत तेच खाते देणाऱ्याच्या मित्रयादीत आहे काय? पुष्कळ मुलांची दोन-दोन खाती असतात आणि भेट जुन्या खात्यावर पडून राहते. स्टीमच्या सूचनांत भेटीची नोंद आली आहे काय? ई-मेल नको असलेल्या पत्रांच्या कप्प्यात जाऊन पडला आहे काय? नोंद सापडली तर भेट स्वीकारावी. मगच ती आपल्या खेळसंग्रहात दिसू लागते.

स्वीकारूनही खेळ चालत नसेल, तर दोष भेटीचा नसून संगणकाचा असण्याचा संभव अधिक. विंडोजसाठी केलेला खेळ प्रत्येक मॅकवर चालेलच असे नाही. मूळ खेळ जवळ नसेल तर त्याचा पूरक भाग निरुपयोगी ठरतो. मोठ्या खेळास संगणकात जागाही पुष्कळ लागते. म्हणून देणाऱ्याने खरेदीपूर्वी, ‘संगणक कोणता? हा खेळ आधीपासून आहे काय?’ एवढे दोन प्रश्न अवश्य विचारावेत. त्यामुळे भेटीतील गंमत थोडी कमी होईल खरी, परंतु पैसे वाया जाणार नाहीत.

भेट नको असेल तर ती नम्रपणे नाकारताही येते. पैसे देणाऱ्याकडे परत जातात. स्वीकारलेल्या भेटीचा परतावाही मिळू शकतो. त्यासाठी खरेदीपासून १४ दिवसांच्या आत मागणी करावी आणि खेळ २ तासांहून कमी खेळलेला असावा. येथे एक खुबी आहे : मागणी घेणाऱ्याने करावयाची, आणि रक्कम मात्र मूळ देणाऱ्यास मिळावयाची. हे ठाऊक नसल्यामुळे मामा व भाचा दोघेही एकमेकांची वाट पाहत बसतात आणि मुदत टळून जाते.

कोड आणि ठकबाजी

काही लोक खेळाऐवजी गिफ्ट कार्ड देतात. त्यावरील कोड ही रोख रकमेसारखीच वस्तू समजावी. ज्याने तो प्रथम वापरला त्याचे पैसे झाले. म्हणून कार्डाचे छायाचित्र कोणासही पाठवू नये. प्लेस्टेशनसारख्या दुकानांची कार्डे ज्या देशाची असतील त्याच देशाच्या खात्यावर चालतात, हेही घेण्यापूर्वी पाहावे.

भेट अडली की ती सोडवून देतो म्हणणारे भामटेही पुढे येतात. कोणी पासवर्ड किंवा ओटीपी मागेल, कोणी भेट स्वीकारण्यासाठी एखादा दुवा उघडावयास सांगेल. खरी भेट स्वीकारण्यास पैसे लागत नाहीत आणि ओटीपी दुसऱ्यास सांगावा लागत नाही. कोणतीही बँक, पोलीस किंवा सरकारी कचेरी गिफ्ट कार्डाच्या रूपाने पैसे मागत नाही. फसवणूक झालीच, तर भीतीने अथवा लाजेने ती लपवू नये. आईवडिलांना तत्काळ सांगावे व १९३० या राष्ट्रीय क्रमांकावर तक्रार नोंदवावी. जितका उशीर, तितकी पैसे परत मिळण्याची आशा कमी.

तक्रार कशी लिहावी?

एवढे करूनही भेट सुटली नाही, तर दुकानाच्या साहाय्य-विभागाकडे लिहावे. राग व्यक्त करणारे लांबलचक पत्र उपयोगी पडत नाही. व्यवहाराचा क्रमांक, तारीख, रक्कम, देणाऱ्याचे व घेणाऱ्याचे खाते, पडद्यावर उमटलेला संदेश आणि आपली मागणी, एवढे पुरे. उदाहरणार्थ : “अमुक तारखेस अमुक क्रमांकाने घेतलेली भेट खरेदीच्या इतिहासात दिसते, परंतु घेणाऱ्याच्या खात्यावर पोहोचलेली नाही. दोन्ही खात्यांची नावे सोबत दिली आहेत. भेट पोहोचती करावी अथवा रक्कम परत करावी, ही विनंती.” उत्तर येण्यापूर्वीच, हा व्यवहार आमचा नव्हे, असे बँकेस खोटे कळवू नये, त्यामुळे दुकान ते खाते अडकवून ठेवू शकते आणि सोपे काम अवघड होऊन बसते.

विद्यार्थी-मित्रांनो, स्टीमवर खाते उघडण्यास वय किमान १३ वर्षे लागते. आणि पैशाचा व्यवहार घरातील वडीलधाऱ्यांच्या संमतीनेच करावा, हे तर उघडच आहे. मात्र या कामी घरातील वडीलधाऱ्यांना तुमची मदत लागते, हेही तितकेच खरे. तेव्हा दूरच्या मामांनी किंवा आत्यांनी भेट पाठविली, तर ती मिळताच प्रथम फोन करून त्यांना तसे कळवा आणि मग खेळावयास बसा. दुकानाने कितीही सूचना पाठविल्या, तरी देणारा ज्या पोचेची वाट पाहत असतो ती तुमच्याच तोंडून ऐकू यावी लागते.

स्वाध्याय

१. पैसे वजा झाले, पण खरेदीच्या इतिहासात नोंद नाही. प्रथम काय करावे व काय करू नये?

२. न्यू जर्सीतील मामांनी जानेवारीत तेथील रात्री ९ ची वेळ ठरविली. इंदुरास भेट किती वाजता पोहोचेल?

३. स्वीकारलेल्या भेटीचा परतावा कोणी मागावा? रक्कम कोणास मिळते?

४. पोहोचू न शकलेल्या भेटीविषयी पाच ओळींचे तक्रारपत्र लिहा.